हरणटोळ नव्हता तो

भाद्रपद वद्य तृतीया, शके १७८६. अमरावती.

ही चोपडी मी सासरी निघाले तेव्हा बाबांनी दिली होती, औषधांचे पाठ उतरवून ठेवायला. इतके दिवस कोरीच राहिली. आज उघडली, कारण जे पाहिलं ते या घरात कोणापुढे बोलायची सोय नाही, आणि बाबा तिकडे अकोल्याला, मोर्णा नदीपलीकडे जुन्या शहरात, आपल्या खलबत्त्याशी. यांना हिशेबापुरती मोडी येते. बाळबोध वाचणारी इथं मी एकटी. तेव्हा मनात येईल ते लिहीन.

सगळ्या अमरावतीला कापसाचं वेड लागलं आहे. समुद्रापलीकडे कुठेशी लढाई चालली आहे म्हणून आमच्या पऱ्हाटीला कधी नव्हे तो भाव आला, असं लोक सांगतात. दिवाळीनंतर कापसाच्या बैलबंड्या येतील. त्याआधी इथल्या कापसाच्या व्यापारी शेटला कापूस ठेवायला मोठमोठ्या छपऱ्या हव्यात आणि त्या उभारायचं काम यांनी घेतलं आहे. त्यासाठी मेळघाटातून वेळू आणला, तोही भर पावसात तोडून. वेळू थंडीत तोडावा. पावसाळ्यातल्या वेळूला भुंगा लागतो आणि त्यात जनावर बसलेलं असतं, हे बाबांकडे येणारा कोणीही सांगेल. पण यांना सांगणार कोण?

आमच्या मागच्या आवारात वेळूच्या गंज्या लागल्या आहेत. दुपारी तिथून शकुन किंचाळली. शकुन बुरडाची, आवारात बसून कामट्या काढते, तट्ट्या विणते. गंजीतून एक वेळू ओढायला गेली आणि मनगटाजवळ डसलं. हे ओसरीवरूनच ओरडले, "काई होत नाई! हरणटोळ हाये थो. हिरवा साप म्हंजे हरणटोळ. पानी पाजा अन् बसू द्या घडीभर."

मी मागच्या दारानं जाऊन पाहिलं. कोणीतरी साप काठीनं ठेचून टाकला होता. हरणटोळ मी लहानपणापासून ओळखते. तो चाबकाच्या वादीसारखा बारीक, तोंड पुढे सुईसारखं. हा आखूड आणि जाड. मान बारीक, तिच्यावर चपटं तिकोनी डोकं. डोळ्याची बाहुली मांजरासारखी उभी. अंग पोपटी, कुशीवरून पांढरट रेघ, शेपटीचं टोक तांबूस. आणि डोळा व नाकपुडी यांच्या मधे, दोन्ही गालांवर, आणखी एकेक भोक. बाबा याला चापडा म्हणतात. घोणस याचाच भाऊबंद, पण घोणसाच्या गालावर ते भोक नसतं.

मी आत येऊन यांना हे सगळं सांगितलं. म्हणाले, "तू कदी रानात गेलती का? सैपाक पाय."

सैपाक पाहिला. भाकरी करपली. करपू दे.

भाद्रपद वद्य चतुर्थी

शकुनचा हात कोपरापर्यंत सुजून काळानिळा झाला. मजुरांनी दंडाला सुतळी करकचून बांधली आहे आणि कुठून तरी एक मांत्रिक धरून आणला आहे. तो चाव्यावर चिरे पाडून निखारा ठेवत होता. तिच्या ओरडण्यानं मला चुलीपुढे बसवेना.

त्यातच सासूबाई. पार्वताबाई म्हणजे दिवसभर ओसरीच्या कोपऱ्यात वाती वळायच्या आणि सुनेवर डोळा ठेवायचा. म्हणाल्या, "जाय, कोठ्यातलं शेण काढ. अन् लवकर येऊ नोको, माहं डोकं दुखून राहिलं."

शेण सकाळीच काढलेलं होतं! पण बोलून उपयोग नाही, म्हणून गेले. कोठ्याचं दुसरं दार आवारात उघडतं. मी सरळ शकुनजवळ गेले आणि विळीनं सुतळी कापली.

मांत्रिक उठून अंगावर आला. "बाई मेली त तुमच्या माथी!"

"माझ्या माथी," मी म्हटलं. "हा साप सहसा मारत नाही, रडवतो. हात तू मारतोस. सुतळीखालचा हात थंड पडला आहे, दिसत नाही का तुला?"

शकुनचा हात धुतला, उशीवर न हलवता ठेवला, पेज पाजली. घरी आल्यावर सासूबाईंनी बुरडणीला शिवले म्हणून आंघोळ करायला लावली. कोठ्यातून आवारात कशाला गेलीस, हे मात्र विचारलं नाही. डोकं खरंच दुखत असावं.

भाद्रपद वद्य दशमी

शकुन वाचली. सूज उतरली. मनगटावर निखारा ठेवला त्या हाताची दोन बोटं मात्र वाकडीच राहतील असं दिसतं.

आणि आज काय ऐकलं! हे आवारात मजुरांना सांगत होते, "पायलं ना? म्या म्हतलंच होतं, हरणटोळ हाये. शकुन जिती हाये का नाई? मंग लागा कामाले!"

मी तिला वाचवली आणि त्यानंच यांचं खोटं खरं ठरलं. मी दाराआड उभी होते. हातात मुसळ होतं. ते मी खाली ठेवलं, एवढंच लिहिते.

संध्याकाळी शकुन कोठ्याच्या दाराशी आली. हात गळ्यात बांधलेला. म्हणाली, "बाई, तुमचे मालक खोटं काहून बोलून राहिले?"

"त्यांना वाटतं खरंच हरणटोळ आहे."

ती हसली. "वाटत असतं त सोताचा हात लावला असता ना गंजीले. एकदा तरी लावला का?"

आठवून पाहिलं. नाही लावला. ते काठीनं दाखवतात, हा वेळू काढ, तो वेळू काढ.

भाद्रपद अमावास्या

नत्थुजी गेला.

नत्थुजी मजुरांचा मुकादम, भातकुलीचा. शांत माणूस, मुकादमकीचा दांडा हातात असून कोणावर न उगारणारा. आज वेळूची मोळी खांद्यावर घेऊन निघाला आणि मोळीतल्या जनावरानं मानेला चावा घेतला. हा हिरवा नव्हता, भुरा होता, वाळल्या पाल्याच्या रंगाचा. म्हणून कोणाला दिसला नाही.

ओरडा ऐकून मी मागच्या दाराकडे धावले तर दाराला बाहेरून कडी, कोठ्याच्या दारालाही. हो, बाहेरून. घरातल्या बाईनं आवारात येऊ नये म्हणून यांनी घातलेली.

मी दार बडवत होते आणि म्हातारीला काय सुचावं? "सूनबाई, घरात विरजन नाई. मांगच्या गल्लीतून आन. कोठीही थांबली तरी मी विचारनार नाई, पन आन." माणूस मरतो आहे आणि हिला विरजण! वाटी घेतली, पुढच्या दारानं निघाले आणि गल्लीतून वळसा घालून आवारात पोहोचले. उशीर झाला होता. नत्थुजीचा गळा जबड्यासकट सुजला होता. हातापायाला चावला असता तर वाचला असता. मानेला चावला तिथं सूज बाहेर जाईल कुठे? ती आत गेली आणि श्वासाची वाट बुजली. माझा हात घट्ट धरून होता. काही म्हणायचं होतं, आवाज निघेना. दिवे लागायच्या आधी गेला.

त्याची बायको माणिकबाई धावत आली. मी बाजूला झाले.

हे म्हणाले, "कालरा असंल, पटकी."

वाटीत विरजण आणलंच नाही. सासूबाईंनी मागितलंही नाही.

आश्विन शुद्ध द्वितीया

बायकोनं नवऱ्याचं नाव घेऊ नये. या पानावर मी ते घेणार आहे. खुशालराव. खुशालराव. खुशालराव. काही आभाळ कोसळलं नाही.

खुशालरावांनी मांत्रिकाला पुन्हा बोलावलं. मजूर बिथरले होते, त्यांना काहीतरी कारण द्यायचं होतं. मांत्रिकानं दिलं. नत्थुजीच्या बायकोनं नागपंचमीला भाजी चिरली, म्हणून देव कोपला. भुराही हरणटोळच, त्याचं नुसतं निमित्त झालं, घास देवानं घेतला.

माणिकबाईला मी विचारलं. तिनं कपाळावर हात मारला. "बाई, नागपंचमीले आमच्या घरी चिरायले भाजीच नोती. पन कोन आयकते?"

भातकुलीहून तिचे दीर आले होते. त्यांनी वहिनीला घरात घ्यायचं नाकारलं, नत्थुजीचा दांडा मात्र घेऊन गेले. नवऱ्याला खाल्लं म्हणतात. आज ती मारुतीच्या देवळामागे बसून आहे. तेरावाही झाला नाही अजून.

खुशालराव जेवताना म्हणाले, "चाला, मजुरायच्या डोक्यातलं भूत त गेलं."

मी वरण वाढत होते. ते उकळतं वरण कुठे सांडावं असं मला वाटलं, ते या चोपडीतसुद्धा लिहिणार नाही.

आश्विन शुद्ध पंचमी

शकुनला म्हटलं, आता दिसला तर मारू नकोस, धर. तिनं वेळूचा लांब चिमटा केला आणि वाकड्या बोटांच्या हातानंच एक हिरवा जिवंत धरला. झाकणाच्या करंडीत घालून कोठ्यात कडब्यामागे ठेवला आहे. नत्थुजीला चावलेला भुरा मारून फेकला होता, तोही तिनं उचलून मिठात ठेवला होता. दोन्ही शेजारी ठेवून पाहिले. तेच चपटं डोकं, तेच उभं बुबुळ, गालावर तीच भोकं. रंग तेवढा वेगळा. आवारात सगळे म्हणतात भुरा निराळा, हिरवा निराळा. नुसत्या रंगावरून जात ठरवणाऱ्यांची मला चीड येते.

चापडा काही नागासारखा फणा काढून सांगत नाही. धामणीसारखा पळतही नाही. वेळूच्या पेराला वेटोळं घालून पडून राहतो, पान वाटावा असा, आणि हात जवळ आला की मारतो. रागीट नाही, आळशी आहे. त्याच्या जागेत हात घातला तर तो दुसरं काय करील? जंगलातून उचलून त्याला इथं आणला कोणी?

आश्विन शुद्ध अष्टमी

करंडीत पिल्लं झाली! झाकण किलकिलं केलं तर बोटाएवढी, हिरवी, वळवळणारी. अंडी नाहीत, थेट जिवंत पिल्लं. एवढीशी, पण काडी पुढे केली तर तोंड वासून अंगावर येतात. म्हणजे आवारातल्या गंज्यांत आता किती असतील?

आणखी एक पाहिलं, त्याचा अर्थ लागत नाही. कोठ्याचं दार लावून अंधार केला होता. एका गडव्यात आंघोळीचं कढत पाणी, दुसऱ्यात रांजणातलं गार. दोन्हींना सारखंच फडकं गुंडाळून काठीनं करंडीत सोडले. गार गडव्याकडे चापड्यानं ढुंकून पाहिलं नाही. कढत गडव्यावर मात्र झेप घेतली, काठीला हिसकाच बसला. डोळ्यांनी दिसत नव्हतं, मलाच माझा हात दिसत नव्हता. वास दोन्हींना फडक्याचाच. तीनदा केलं, तीनदा तेच. कसं कळतं त्याला? गालावरची ती भोकं कशाला आहेत तेही कळत नाही. मला वाटतं कान असावेत, सापाला दुसरे कान तर दिसत नाहीत. कढत पाण्याचा काही आवाज होत असेल, आपल्याला ऐकू न येणारा. बाबांना विचारायला हवं.

फडक्यावर दर वेळी दोन भोकं पडली आणि पिवळसर डाग. हरणटोळाचे दात असे नसतात.

सासूबाईंनी विचारलं, कोठ्यात काय आहे. मी म्हटलं, मांजर व्याली आहे. "हो का," म्हणाल्या. "मंग तिकडे कोनाले जाऊ देत नाई मी." म्हातारीला एकदम मांजराचं प्रेम आलं!

आश्विन शुद्ध दशमी, दसरा

आजचं आजच लिहून ठेवते.

दुपारी सगळे मजूर आवारात सोनं द्यायला जमले होते. खुशालराव प्रत्येकाच्या हातावर गूळ ठेवत सांगत होते, उद्यापासून दुप्पट हात चालवा. मला हीच वेळ हवी होती. पण कढत पाणी कुठून आणू? दसऱ्याची आंघोळ पहाटेच झालेली. तर चुलीवर सासूबाईंनी पातेलंभर पाण्याचं आधण ठेवलेलं, रटरट उकळतं. म्हणे पाय शेकायचे आहेत. मी गडवा बुडवून घेतला, त्यांनी तोंड फिरवून वाती वळायला घेतल्या. पाय शेकायचे विसरल्याच बहुतेक.

डोक्यावर पदर घेऊन मी करंडी आवाराच्या मधोमध नेऊन ठेवली. शकुन माझ्याबरोबर. खुशालराव बघतच राहिले.

"वच्छले, आत जाय!"

"जाते," मी म्हटलं. "आधी हे पाहा. सगळ्यांनी पाहा. हा तो हरणटोळ."

झाकण काढलं. फडकं गुंडाळलेला गडवा काठीनं पुढे केला. चापड्यानं अशी झेप घेतली की पुढची माणसं धडपडून मागे सरली. शकुननं फडकं सोडवून हातोहात फिरवलं. दोन भोकं, दोन पिवळे डाग. मग तिनं आपला हात उंच केला, वाकड्या बोटांचा.

मी म्हटलं, "ही वाचली कारण मनगटाला चावला. नत्थुजी गेला कारण मानेला चावला. देव कोपला नाही, कालरा झाला नाही. अशी अजून कितीतरी जनावरं या गंज्यांत आहेत, आणि आता पिल्लंही आहेत."

एकानं हातातला गूळ खाली ठेवला. मग दुसऱ्यानं.

खुशालरावांचा चेहरा मी कधी विसरणार नाही. "बायकोच्या सांगन्यावर काम सोडता?" ते ओरडले. "भांड्याले चावते त मानसाले काय होते? हे पाहा!" आणि त्यांनी जवळच्या गंजीत हात घातला. आयुष्यात पहिल्यांदा. दोन वेळू उपसून दाखवले. तिसऱ्याला हात घातला आणि तिथंच थांबले.

हात बाहेर काढून नुसते बघत राहिले. अंगठ्याच्या मुळाशी दोन थेंब रक्त.

मग हळूच म्हणाले, "वच्छले, हा हरनटोळच होता ना वं?"

हो म्हटलं असतं तर त्यांना धीर आला असता. मी म्हटलं, "नाही."

आश्विन शुद्ध द्वादशी

हात खांद्यापर्यंत सुजला. ताप आहे. मांत्रिक येऊन दारात उभा राहिला आणि हेच त्याच्यावर ओरडले, "निखारा नोको! वच्छलेले बोलवा!" मजूर बायकांना निखारा चालतो. स्वतःचा हात आला तेव्हा बायकोची विद्या आठवली.

मी सगळं केलं. हात उशीवर ठेवला, तोंडात पाणी घातलं, रात्री दोनदा पडलेलं पांघरूण उचललं. प्रेमानं केलं का? नाही. शकुनचं केलं तेवढंच आणि तसंच केलं.

तापात बडबडले. "मेळघाटात तोडनाऱ्यायनं सांगतलं होतं मले. म्हने थंडी पडू द्या, आता वेळूत चापडे हायेत. चापडेच म्हने. दिवाळीपर्यंत कोन थांबते? कोन थांबते?" मग रडले.

नावसुद्धा माहीत होतं. हरणटोळ हे नाव चुकून नव्हतं आलं, निवडून काढलं होतं.

सासूबाई पायाशी बसल्या होत्या. त्यांनी हे सगळं ऐकलं. उठून देवापुढचा दिवा सारखा केला.

आश्विन वद्य तृतीया

ताप उतरला. मी म्हटलं, "बरे झालात. आता माणिकबाईसाठी चार माणसांत खरं बोला."

"कायचं खरं?"

"तापात बोललात ते."

"तापात मानूस काईबी बोलते."

मी ट्रंकेत लुगडी घातली. अकोल्याला बाबांकडे जाते म्हणून सांगितलं. ते म्हणाले, जा. सासूबाई म्हणाल्या, "बंडीचा बैल लंगडते. आठ दिवस कोनी कोठी जानार नाई."

मी स्वतः बैल पाहिला. चांगला चालत होता. या बाईनं मला छळायचंच ठरवलं आहे.

आश्विन वद्य षष्ठी

आता हद्द झाली. सासूबाई देवळामागे गेल्या आणि माणिकबाईला घरी घेऊन आल्या. मला विचारलं नाही, लेकाला विचारलं नाही. तिला ओसरीत जागा दिली, आणि तिच्यासाठी भाकरी मी थापायच्या. थापीन, त्याचं काही नाही. पण विचारायचं तरी!

आणि कसलं खूळ पाहा. जेवायच्या वेळी लेकाचं ताट मांडतात, त्याच्या बरोब्बर समोर माणिकबाईचं. बिचारी नुकती विधवा झालेली बाई, संकोचानं तिच्या घशाखाली घास उतरत नाही. मी सासूबाईंना म्हटलं, आत्याबाई, तिला आत माझ्याजवळ जेवू द्या. तर म्हणाल्या, "इथंच बसन थे. उजेड हाये इथं."

माणिकबाई खाली मान घालून बसते. खुशालराव डाव्या हातानं चाचपडत जेवतात. आज अर्ध्यावरून उठले.

आश्विन वद्य दशमी

काम अजून बंद. शेटचा माणूस दोनदा येऊन ओरडून गेला. मजूर ऐकत नाहीत. शकुन म्हणाली, "आमी काम करू, पन आमच्या रीतीनं." एकेक गंजी दुरून धूर देऊन, लांब काठ्यांनी झोडपून उकलायची. काठीला कढत पाण्याचा गडवा बांधून मोळ्यांमधून फिरवायचा, ही माझी भर. एखादा दबून बसला असेल तर झेपावतो. आणि दुसरी अट माणिकबाईची, तिच्या वतीनं शकुननं सांगितली. मालकानं सगळ्यांपुढे खरं सांगायचं. भातकुलीच्या दिरांपुढे.

खुशालराव म्हणाले, "पहिली अट कबूल."

"मंग दोन्ही नाई," शकुन म्हणाली आणि निघून गेली. वाकून नमस्कारही केला नाही. मला इतकं बरं वाटलं.

आज खुशालराव जेवायला बसलेच नाहीत. ओसरीवर समोर माणिकबाई बसलेली. मला म्हणाले, "माह्या मायले सांग ना, तिले तिथून उठवाले."

मी म्हटलं, "त्या माझं कधी ऐकतात?"

कार्तिक शुद्ध प्रतिपदा

दिवाळीचा पाडवा. आज सकाळी मजूर जमले. सासूबाईंनी भातकुलीला निरोप धाडला होता म्हणे, सणाचं जेवायला या म्हणून. असल्या लोकांना जेवायला! दोघे दीर नवे पटके बांधून आले आणि आवारात माणिकबाईला पाहून त्यांचे चेहरे पडले.

खुशालराव ओसरीवरून उतरले. उजव्या हाताची अजून मूठ वळत नाही. काल रात्रभर जागे होते, मला माहीत आहे, मीही जागी होते. मी त्यांना एकही शब्द सुचवला नाही.

गंजीजवळ उभं राहून पायाकडे बघत ते म्हणाले, "थो साप इखारी होता. मले ठाव होतं."

एवढंच म्हणून वळले.

"मोठ्यानं बोला," माणिकबाई म्हणाली.

मी तिचा असा आवाज आजवर ऐकला नव्हता. खुशालरावांनी वर पाहिलं, आईकडे पाहिलं. सासूबाई वाती वळत होत्या.

"थो साप इखारी होता. मले पयलेपासून ठाव होतं."

"नाव घेऊन बोला. कोनाले चावला?"

त्यांच्या मानेची शीर ताठली. मला वाटलं आता ओरडतील. पण म्हणाले, आणि या वेळी रस्त्यावरही ऐकू गेलं असेल, "नत्थुजीले चावला थो चापडा होता. म्या हरनटोळ सांगतलं. मेळघाटात मले सांगतलं होतं, म्या लपवलं. मानिकबाईचा काई दोष नाई. नागपंचमीचा काई संबंध नाई."

माणिकबाई रडली नाही. तिनं मान हलवली नाही, हात जोडले नाहीत, माफ केलं असं काही म्हणाली नाही. थोडा वेळ त्यांच्याकडे बघत राहिली, जसं आपण दळण बारीक झालं का ते बघतो तसं.

मोठा दीर पुढे आला. पटका सारखा करत म्हणाला, "वयनी, झालं गेलं. चाला आता घरी. बंडी आनली हाये."

"थांबा," ती म्हणाली. "माह्या मालकाचा मुकादमकीचा दांडा तुमी घेऊन गेले होते. थो आदी आना. मंग मी इथं काम करीन. शकुनसंग. अन् घरी यायचं का नाई, थे तुमी नाई, मी सांगन."

ती शकुनजवळ जाऊन बसली आणि लांब काठ्यांना गडवे बांधू लागली. दिरांनी एकमेकांकडे पाहिलं आणि बंडी भातकुलीकडे वळवली, दांडा आणायला.